शांतता-दालनातलं लग्न

ओदिलों ग्रांव्हाल हा नावाजलेला फ्रेंच आर्किटेक्ट आणि नगररचनाकार. पॅरिसबाहेर त्यानं तीन वसाहती उभ्या केल्या, त्यातली एक सुरुंग लावून पाडावी लागली. त्यावरही त्यानं व्याख्यानं दिली. पडण्यातही म्हणे एक रचना असते. स्वतः मात्र आजोबांच्या जुन्या कौलारू घरात राहतो, मागे बाग आहे, विहीर आहे. माणसं कुठं सुखानं राहतात हे त्याला चांगलंच ठाऊक असणार.

हॅनोव्हरजवळची आमची वसाहतही त्यानंच आखली. बड्या साहेबांची घरं तळ्याकाठी, आम्हा नोकरदारांची पलीकडे, रेल्वेरुळांना लागून. याला त्यानं ‘नैसर्गिक उतरंड’ असं नाव दिलं होतं. भारतात आमच्या गावात कुणाची वस्ती कुठं, हे आर्किटेक्टशिवायच ठरलं होतं. त्यामुळे नकाशा बघून मला नवल वाटलं नाही, संताप आला.

मधोमध त्याचं लाडकं शांतता-दालन. काँक्रीटच्या चार उघड्या भिंती. वापरायचं रहिवाशांनी, वापराचे नियम, म्हणजे हाउसओर्डनुंग, मात्र त्याची: खिळा ठोकायचा नाही, टेबल आणायचं नाही.

माझी धाकटी बहीण क्रांती आणि तिचा धम्मपाल, दोघंही इथंच राहणारे. २००७ च्या उन्हाळ्यात त्यांना तिथं लग्न करायचं होतं. आई नागपूरहून आली होती. तिची अट एकच: बुद्ध आणि बाबासाहेब, दोघांच्या फोटोंसमोर लग्न लागलं पाहिजे, नाहीतर ती उभी राहणार नाही.

ग्रांव्हाल वसाहत दाखवायला पाहुणे घेऊन आला होता, तेव्हा आम्ही फोटो घेऊन त्याला दालनात गाठलं. तो डोक्यापासून पायापर्यंत काळ्या कपड्यात.

“बुद्ध? हो, हो!” तो जर्मनमध्ये म्हणाला. “शून्यता! मी त्यावर पुस्तक लिहिलंय.” मग दुसरा फोटो बघून त्याचं तोंड वाकडं झालं. “हे गृहस्थ नकोत. सूट, टाय... शांतता बिघडते.”

“यांच्यामुळेच तर आम्ही बौद्ध झालो,” धम्मपाल म्हणाला.

“गेनाऊ, अगदी बरोबर. पण माझ्या दालनात नको.”

बाहेर आल्यावर धम्मपाल म्हणाला, “मरू दे, दुसरा हॉल बघू.”

“का म्हणून?” क्रांती उसळली. “खिळा नको म्हणतो ना? नाही ठोकत.”

लग्नाच्या दिवशी ग्रांव्हाल फोटोग्राफर घेऊन हजर. कुठल्याशा मासिकाला त्याच्या शून्यतेत बसलेली खरीखुरी आशियाई माणसं हवी होती. समोरच्या भिंतीला पाठ लावून मी बुद्धांचा फोटो धरून उभी होते. शेजारी आई, बाबासाहेबांना छातीशी धरून.

मला बघून तो खूश झाला. आईकडे बोट दाखवून क्रांतीला म्हणाला, “हं, तर या बाईंना जरा बाजूला व्हायला सांगा. चित्रात येतात.”

क्रांतीनं लाल होत ते आईला सांगितलं.

आई जागची हलली नाही. म्हणाली, “त्याला सांग, बाजूला व्हायचं ते आमच्या आजापणजांपर्यंत होऊन झालं. आता त्यानं व्हावं. लग्न लावायचंय.”

क्रांतीनं शब्दन् शब्द जर्मनमध्ये सांगितला. ग्रांव्हाल आधी हसला, मग हसायचा थांबला आणि बाजूला झाला. आम्ही सगळ्यांनी मिळून त्रिशरण सुरू केलं, चांगल्या मोठ्या आवाजात.