निळ्या रात्रीतला चंद्रभान

निळी गल्ली, टोकाला एक दिवा.

शेवंतीच्या वाफ्यांमधला पाण्याचा दांड.

जठारपेठेच्या मैदानात ताणलेलं पांढरं कापड.

दारात छकडा. छकड्यात नवं लुगडं.

हे सगळं गोवर्धन माळ्याच्या अंगावर एकाच दिवशी आलं. त्याचा मुलगा चंद्रभान लढाईत मजूर म्हणून फ्रान्सला जायला निघाला होता. लढाई संपली, तो आला नाही. सून कौशल्या हिचा भाऊ नत्थुजी अंजनगावहून आला होता, तिचा मोहतूर, म्हणजे दुसरं लग्न, ठरवून. दुसरा नवराही पाहून ठेवला होता.

"जित्ता हाय माहा पोरगा," गोवर्धन म्हणाला. "काल बायस्कोपच्या तंबूत पाह्यला. फ्रान्सातल्या रातीचा खेळ होता."

"सोयरे, भांग चढली काय?"

"चाला मंग. तिलेच पाहू द्या."

तिघं तंबूत बसली. कापडावर रात्र पसरली. धुकं, ओल्या भिंती, कुठं माणूस नाही. मग अंधारातून एकजण पाठमोरा निघाला आणि कोरड्या रस्त्यात मधेच त्यानं पाय उंच उचलून टाकला. चंद्रभान दांड ओलांडायचा तसाच. खांद्यावर फुलांची करंडी असल्यासारखा एका अंगाला कलून.

"टोप घालून हाय तो. साहेब हाय," नत्थुजी म्हणाला.

"थंडी असंन तिकडं!"

कौशल्या पुढं सरकली होती. "थेच हायेत," ती म्हणाली. "माह्या माणसाची चाल मले नाई समजत काय?"

"मंग बस वाट पाहत. मी पुन्हा नाई येनार," म्हणून नत्थुजी उठला.

तंबूबाहेर, यंत्र फिरवणाऱ्या ओमप्रकाशनं गोवर्धनला बाजूला घेतलं. "बाबा, लढाईच्या आधीचा खेळ हाय हा. आन् रात बी नाई ते. भर उन्हात घेतला, मंग फिलमची पट्टी निळ्या रंगात बुडवली."

गोवर्धनानं मागं पाहिलं. नत्थुजी बैल जुंपत होता. अजून हाक मारता आली असती. पण कौशल्या हसत होती.

"तिच्यापाशी बोलू नको," तो म्हणाला.

छकडा गेला. घराकडं चालता चालता कौशल्येनं विचारलं, "मामाजी, तिकडं उजाडते केव्हा?"

"उजाडन, बाई," तो म्हणाला.

चंद्रभान जहाजावर चढलाच नव्हता. मुंबईच्या गोदीत तो तापानं मेला, तेव्हा त्याचं नाव कोणी विचारलं नव्हतं.