मी कोर्टाची पायरी चढले

मित्रांनो, मी एक जुनी बांबूची टोपली आहे. पण मला साधीसुधी समजू नका. मी कोर्ट पाहिलेलं आहे, आणि तेही दारातून डोकावून नाही!

रिठद गावच्या एका बुरडाने मला विणलं. मळेकरीण आवडाबाईने मला बाजारातून घेतलं, शेणाने सारवलं आणि उन्हात वाळवलं. रोज सकाळी तिच्या डोक्यावरच्या चुंबळीवर बसून मी मेथी, मिरच्या, वांगी घेऊन बाजाराला निघायची. "माही टोपली लई गुनाची," असं ती शेजारणींना सांगायची, तेव्हा मी फुगून जायची.

वाटेत पोलीस ठाणं होतं. तिथल्या जमादारांच्या घरची भाजी रोज माझ्यातूनच उतरायची. हा रिवाज तिच्या सासूपासून, कस्तुराबाईपासून चालत आलेला. मोठ्या माणसाच्या दारात रिकाम्या हाताने जाऊ नये, एवढंच त्या दोघींना ठाऊक होतं.

इंग्रजांचं राज्य होतं तेव्हाची गोष्ट. ऐन उन्हाळ्यात एका ठेकेदाराच्या माणसांनी आमच्या विहिरीवरची चामड्याची मोट भरदिवसा उचलून नेली. कस्तुराबाई ओरडत राहिली, ते हसत निघून गेले. मोट नाही म्हणजे पाणी नाही. वांग्याच्या झाडांनी माना टाकल्या. मला फार वाईट वाटलं.

आवडाबाईने उरलीसुरली वांगी माझ्यात भरली आणि ठाणं गाठलं. जमादारांनी वांगी आत पाठवली. मग म्हणाले, "मोटीची कायची तकरार? जाय घरी." ठेकेदार त्यांचा दोस्त होता. ती पुन्हा गेली, पुन्हा तेच झालं.

शेवटी शेजारच्या मळ्यातल्या गोविंदसिंगाने तिला वाट दाखवली. "ठान्यात लिवून घेत नसन तं वाशीमच्या कोर्टात अर्ज दे, आवडाबाई. मॅजिस्ट्रेट ठान्याले हुकूम देऊ शकते."

कोर्टाबाहेर बसणाऱ्या अर्जनवीसाने अर्ज लिहून दिला. नाव पुकारल्यावर आवडाबाई आत गेली आणि तिने मला थेट मॅजिस्ट्रेटसाहेबांच्या मेजावर ठेवलं. दौतीशेजारी मी, वांग्यांसकट! पट्टेवाल्याच्या तोंडचं पाणी पळालं.

"बाई, हे काय?" साहेब कडाडले. "न्यायाधीशाला भेट देणं गुन्हा आहे!"

मोट राहिली बाजूला, आता ही तुरुंगात जाते की काय?

आवडाबाई मात्र गोंधळून म्हणाली, "गुन्हा काहून, सायेब? जमादारसायेब तं रोज घेते. मोट चोरीले गेली त्या दिवशी बी घेतली. भाजी घेतली, तकरार नाही घेतली."

साहेबांनी अर्ज पुन्हा वाचला. मग मला तिच्याकडे सरकवत म्हणाले, "ही घेऊन जा."

तिचे डोळे भरून आले. "भाजी घेत नाही, म्हनजे काम करत नाही काय, सायेब?"

"काम करतो, बाई. म्हणूनच भाजी घेत नाही."

आणि त्यांनी तिथेच हुकूम लिहिला. ठाण्याने ही तक्रार आजच नोंदवावी आणि तपास करून कोर्टाला कळवावं.

हुकूम वाचून जमादारांनी मुकाट्याने तक्रार लिहून घेतली. सवयीने त्यांचा हात माझ्याकडे आला होता. आवडाबाईने मला उचलून कमरेवर घेतलं. मोट ठेकेदाराच्या विहिरीवरच सापडली. पाटात पाणी वाहू लागलं, झाडांनी पुन्हा माना वर केल्या. पुढच्या बाजारांना मी काठोकाठ भरून गेले. काय सुखाचे दिवस होते ते!

आता माझा काठ उसवला आहे. आवडाबाईची नातसून माझ्यात गोवऱ्या ठेवते, पण माझी काही तक्रार नाही. मित्रांनो, तुमच्या घरच्या टोपलीला ओलीत टाकू नका, काडी निघाली तर बुरडाकडे न्या. बाजाराला जाताना तिला खुशाल डोक्यावर घ्या. पण आपल्या हक्काचं काम सांगायला जाल, तेव्हा तिला घरीच ठेवा.