एकतिसावं कार्ड

मित्रांनो, मी एक जुना बोर्ड आहे. खडूचा नव्हे, टाचण्यांचा. लाकडी चौकट आणि आत बुचाचा पातळ थर, एवढाच माझा जीव. सुताराने चौकट जरा वाकडी ठोकली होती, त्यामुळे दुकानात मला कोणी विचारत नव्हतं. सिनेमाच्या पटकथा लिहिणाऱ्या एका बाईंनी मला घरी नेलं. त्यांच्या पाठीशी ना कंपनी, ना कोणी ओळखीचं. आपलं आपण लिहायचं आणि दारोदार ऐकवत फिरायचं, असा त्यांचा खाक्या.

एक प्रसंग, एक कार्ड, ही त्यांची पद्धत. संवादसुद्धा आधी कार्डावरच. पहिल्या टाचण्या मला झोंबल्या. पुढे अंगवळणी पडलं. दिग्दर्शक आले की म्हणत, "वा! सिनेमा तर इथेच दिसतोय." खोटं कशाला बोलू, तेव्हा मी फुशारलो होतो. तीन सिनेमे माझ्या अंगावर उभे राहिले आणि तिथूनच उतरले. पडद्यावर एकही गेला नाही.

चौथ्याची गोष्ट त्यांच्या स्वतःच्या घरचीच होती. एकतिसाव्या कार्डावर, बाबा गेल्यावरही आई दर रविवारी त्यांचा शर्ट इस्त्री करते आणि स्वतःशी काहीतरी बोलते. दिग्दर्शक सूचना देत राहिले. हे लांबलंय, ते अडतंय. सुरुवातीला बाई कडाकडा भांडायच्या. मग नुसतं "बरं" म्हणू लागल्या. पुढे पुढे तर कोणी सांगायच्या आत स्वतःच कात्री लावू लागल्या. एका दुपारी एकतिसावं कार्डही उतरलं. त्याच्या मागच्या बाजूवर किराणा लिहिला गेला, आणि दुकानातून येताना ते कचऱ्यात पडलं. त्यांना काही वाटलं नाही. मलाही नाही.

आठवड्याने दिग्दर्शक धावतच आले. "निर्माता मिळाला!" मग माझ्याकडे बघून थबकले. "इस्त्रीचा सीन कुठे गेला?"

"काढला. तुम्ही सांगालच म्हणून."

"अहो, तो सीन ऐकूनच तर निर्माता तयार झाला! परत लिहून टाका."

बाई कोरं कार्ड घेऊन बसल्या. दोन दिवस बसल्या. शब्द तर नाहीच, साधी हळहळही येईना. शेवटी त्यांनी स्वयंपाकघरात हाक मारली, "आई, बाबांचा शर्ट इस्त्री करताना तू काय म्हणायचीस गं?"

आई हात पुसत दारात आली. "मला कुठलं आठवायला आता? धूळ पुसताना तुझ्या कार्डावरच वाचायचे मी ते रोज."

दोघींपैकी कोणी रडलं नाही. आई परत आत गेली. ते कार्ड अजून कोरंच आहे.

मित्रांनो, मला पुसा, जपा असं मी म्हणत नाही. पण आपलं माणूस ज्यात उतरलंय, ते कोणी मागायच्या आधीच काढून देऊ नका. निदान कोणी मागेपर्यंत तरी थांबा.