बावखलाच्या पायरीवरचा दिवा

कडी वाजली. पहाटेच्या शांततेत तेवढाच आवाज. आई मोगऱ्याच्या कळ्या खुडायला निघाल्या. अल्पेशने, माझ्या नवऱ्याने, पडल्यापडल्याच हात लांबवून बटण दाबलं आणि मागची सगळी वाडी पांढरीफटक झाली.

महिन्यापूर्वी आई, म्हणजे माझ्या सासूबाई, बावखलाच्या शेवाळलेल्या पायरीवर घसरल्या. बावखल म्हणजे वाडीतलं आमचं गोड्या पाण्याचं तळं. कळ्यांवरचं फडकं भिजवायला तिथे उतरावंच लागतं. मनगट सुजलं. दुसऱ्याच दिवशी अल्पेशने गच्चीवर मोठा फोकस लावला. "आता पडलीस तर खुडणं बंद!"

"बंद करून काय? खाटेवर बसवून ओवाळणार मला?"

चाळीस वर्षं त्या वटार गावातल्या या वाडीत मोगरा खुडतायत. पण आदल्या दिवशी फुलबाजारातून दलालाचा फोन आला. निम्म्या कळ्या संध्याकाळी उमलतच नाहीत. "बाई थकल्या वाटतं आता." आई नुसती टोपली पुसत राहिल्या.

म्हणून त्या पहाटे लेकीला, आशूला, कडेवर घेऊन मी मागे गेले. आशू चिंचेच्या ढोलीकडे बघत होती. फोकस लागल्यापासून तिथला पिंगळा, तिचं ते इवलंसं घुबड, दिसला नव्हता.

त्या झगझगाटात हिरवट कळीसुद्धा पांढरीच दिसत होती. आई नुसत्या बघून खुडत होत्या.

"आई, तुम्ही चिमटीत धरून बघायचात ना? भरली की नाही ते?"

त्या थबकल्या. एक कळी दाबून पाहिली. कच्ची. "उजेडात बोटं आळशी झाली गं," त्या हसल्या. पण टोपलीकडे बघेनात.

पायऱ्या उतरताना फोकस पाठीशी आला. त्यांची सावली नेमकी पायरीवर. पाय अंदाजाने चाचपडला आणि मी कोपर घट्ट धरलं.

घरात येऊन म्हटलं, "फोकस काढायचा."

"आणि आई पडली तर?"

"दिवा पायरीला हवा, अल्पेश. चिंचेला कशाला?"

"लोक म्हणतील, म्हातारीला अंधारात पाठवतात."

"म्हणू देत. मी उत्तर देईन."

रविवारी आम्ही दोघांनी फोकस उतरवला, शेवाळ खरवडलं. पायऱ्यांच्या कडेला गुडघ्याएवढ्या उंचीवर तीन पिवळे दिवे लावले, वरून झाकण असलेले. खुडण्यासाठी डोक्याला बांधायची छोटी बॅटरी.

"खाणीत पाठवताय की काय मला?" आई म्हणाल्या, पण बांधून घेतली.

त्याला आठवडा झाला. दलालाचा तक्रारीचा फोन नाही. आज कडी वाजली तेव्हा आशू माझ्याआधीच खिडकीशी होती. खाली प्रत्येक पायरीवर उजेडाचा एकेक तुकडा, आणि आई टोपली कडेवर घेऊन सावकाश उतरत होत्या. चिंच पूर्ण काळोखात.

ढोली रिकामीच होती.

"आई," आशूने विचारलं, "आपल्याकडे परत अंधार झालाय, हे पिंगळ्याला कोण सांगणार?"