राजाजीनगरातला गंधर्वरस

राजाजीनगरातल्या त्या हॉलसमोर दर रविवारी दुपारी रांग लागायची. आत जाणारे रडवेले असत. बाहेर येणारे डोळ्यांवर हात धरून, ठेचकाळत, हसत येत. "तेज सोसत नाही हो!" म्हणत. कुणाला गेलेली बायको भेटलेली, कुणाला मुलगा. त्रिविक्रम महाराजांनी गंधर्वलोकातून आणलेला रस वाटीभर प्यायला, की गेलेलं माणूस समोर येऊन बसतं, ही ख्याती पार चिकपेटच्या बाजारापर्यंत पोचली होती.

डोळे तपासणं हा माझा धंदा, त्यामुळे माणसाआधी मला त्याच्या बाहुल्या दिसतात. भर उन्हात बाहुली आक्रसते. इथं सगळ्यांच्या बाहुल्या बटणाएवढ्या पसरलेल्या, ओठ कोरडे, गाल लाल. मला धोतऱ्याचा वास लागला. वाईट इतकंच, की त्या रांगेत माझी अम्माही होती.

अण्णांना, माझ्या वडिलांना, जाऊन चौदा महिने झाले होते. अम्माला काचबिंदू आहे. तशा डोळ्याची बाहुली फार पसरली, तर आतला दाब वाढून डोळा जाऊ शकतो. तीन रविवारांत तिची डावी नजर अधू झाली होती आणि थेंब घालणं तिनं बंद केलं होतं. महाराज म्हणाले होते, "बाहेरची नजर मावळली, की आतली उगवते, माई!" आणि चौथ्या रविवारी तिला 'पूर्णपात्र' मिळायचं होतं, म्हणजे भरलेला मोठा वाडगा.

मी समजावलं, भांडले, रडले. शेवटी अम्मा म्हणाली, "तू आधी पी. अण्णा दिसले नाहीत, तर मी परत तिकडं फिरकत नाही. दिसले, तर मला अडवायचं नाही. सरी?"

"सरी, कबूल," मी म्हटलं. धोतरा भास दाखवतो हे मला पाठ होतं. पण नेमके अण्णाच कसे दिसतील? या माझ्या शहाणपणानंच मी पिंजऱ्यात शिरले.

चौथ्या रविवारी पडदे लावलेल्या लहानशा खोलीत महाराज, मी आणि भरला वाडगा पुढ्यात घेतलेली अम्मा; समोर एक रिकामी गादीची खुर्ची. दाराला बाहेरून कडी. "रस उतरेपर्यंत दार उघडत नाही," महाराजांनी बजावलं. त्यांची मराठी अशी शुद्ध, की आमच्यासारख्यांनी आपोआप सावरून बसावं. "शंका म्हणजे मनाचं झाकण. रस झाकण उघडतो. ज्याचं उघडत नाही, त्याच्या कुळात पाप असतं." म्हणजे दिसलं तरी रस खरा, नाही दिसलं तरी खरा! असला धंदा मला कुणी आधी शिकवला असता, तर मी लोकांच्या डोळ्यांत टॉर्च मारत बसले नसते.

मी वाटी संपवली. बऱ्याच वेळानं जीभ टाळूला चिकटली, छाती धडधडू लागली. पडद्यावरची फुलं सरकू लागली.

"ते येताहेत," महाराज हळू आवाजात म्हणाले. "अंगात स्वेटर आहे. रंग तुम्हीच सांगा."

"राखाडी," मी म्हटलं. आणि समोरच्या खुर्चीत राखाडी स्वेटर होता. त्यात अण्णा होते, वरचं बटण लावत होते. हे रसायन आहे, हे मला पक्कं कळत होतं आणि तरीही अण्णा तिथं होते. मला इतका आनंद झाला, की माझीच मला लाज वाटली.

"दिसले?" अम्मानं विचारलं.

खोटं बोलणार होते. पण हुंदका आधी फुटला आणि अम्माला उत्तर मिळालं. तिनं दोन्ही हातांनी वाडगा उचलला. मीच दिलेल्या शब्दात मी अडकले होते.

तेवढ्यात खुर्चीतून आवाज आला, "बाळा मनस्विनी, आईला अडवू नकोस हं."

बाळा? बेचाळीस वर्षांत अण्णांनी मला कधी बाळा म्हटलं नाही, मनस्विनी तर शाळेच्या फॉर्मवरच. घरी मी पुट्टी, म्हणजे छोटी. आमचं घराणं तीन-चारशे वर्षं इथलं, आमच्या घरच्या मराठीत निम्मं कन्नड. अण्णा म्हणाले असते, "पुट्टी, स्वल्प थांब गे." भास माझ्या डोक्यातला असता, तर तोही पुट्टीच म्हणाला असता, कारण माझ्या डोक्यात दुसरे अण्णा नाहीतच. दिसत होते ते माझे होते. बोलत होता तो दुसराच कुणीतरी होता आणि तो जवळच असणार होता.

मी आधी अम्माच्या हातातला वाडगा उडवला. मग खुर्चीकडे गेले. अण्णा तिथंच बसले होते. त्यांच्या मांडीतून हात खाली घातला. त्याहून अवघड काम मी आयुष्यात केलेलं नाही. गादीखाली टणक, थरथरणारी डबी होती. ती ओढून काढली आणि मागचा पडदा फाडला. तिथं महाराजांचा शिष्य सूर्यकांत, तोंडाशी मोबाइल आणि मांडीवर कागद घेऊन बसलेला.

"अरे बापरे!" तो म्हणाला.

"अरे बापरे!" माझ्या हातातली डबी म्हणाली.

कागदावर अम्माचंच अक्षर होतं. पहिल्या रविवारी भरून घेतलेला फॉर्म: मृताचं नाव, व्यवसाय, आजार, मुलांची नावं. लाडाच्या नावाचा रकाना नव्हता.

"यंत्र हे केवळ निमित्त..." महाराजांनी सुरुवात केली. अम्मा दार बडवू लागली. बाहेरच्यांनी ते उघडल्यावर मी ती स्पीकरची डबी हॉलभर फिरवली. सांडलेल्या रसात धोतऱ्याचं बी निघालं. महाराज आता कोर्टाच्या तारखांना जातात. अम्माचा उजवा डोळा वाचला, डाव्याची कडेची नजर गेली. ती परत येत नाही.

दवाखान्यात मी तिला विचारलं, "अम्मा, अण्णा असं बोलायचे का गे? तुला पहिल्याच दिवशी कळलं नाही?"

"कळलं होतं," ती म्हणाली. "वाटलं, वर गेल्यावर मराठी सुधारली असेल."

मी हसले आणि मग खूप रडले. तिला खरं ठाऊक होतं. इतक्या शुद्ध बोलणाऱ्या माणसापुढं आपलं काय चालणार, म्हणून तिनं ते गिळलं. तुमच्यापुढं कुणी वाटी धरली, तर आधी विचारा, यात काय आहे? आणि गेलेल्या माणसाचा आवाज आला, तर त्याला मेहेरबानी करून एवढं विचारा, की तू मला घरी काय म्हणायचास?