टोपणं न काढता पाहिलेलं अस्वल

मी दुर्बीण बोलतेय. लांबचं जवळ आणायचं माझं काम, त्यामुळे स्वभाव जरा संशयीच. पण संशय मालकावर घ्यायची वेळ येईल, असं वाटलं नव्हतं.

कारखान्यात माझी भिंगं बसली आणि मी दुकानाच्या काचेत जाऊन बसले. तिथून एका तरुण लेखकाने मला उचललं. मोटारीचा रस्ता जिथे संपतो, तिथूनही बरंच वर चढून गेल्यावर त्याची लाकडी खोली होती. पुढे कडा, मागे जंगल. शेजार म्हणाल तर वाऱ्याचा.

तेव्हा माणूस खरा होता. एका पक्ष्याच्या शेपटीचा रंग नीट कळेना, म्हणून दवात पालथा पडून राहिला आणि आठवडाभर खोकला. "जे पाहिलं नाही ते लिहायचं नाही," असं स्वतःलाच बजावायचा. मला त्याचा अभिमान वाटे.

मग केस पिकले, आणि एका सकाळी त्याने मला डोळ्यांना लावलं. "वा! काय रुबाब आहे!" म्हणाला. माझ्या पुढच्या काचांवरची टोपणं तशीच होती!

विसरला असेल, मी मनाची समजूत घातली. पण दुसऱ्या दिवशीही तेच. आणि संध्याकाळी कागदावर काय उतरलं? ओढ्याकाठी अस्वलाची मादी, मागे दोन पिल्लं, एक पाण्यात पडलं, आईने मानगूट धरून काढलं. अहो, दिवसभर मी याच्या छातीवर होते. आम्ही ओढ्यापर्यंत गेलोच नव्हतो!

माझ्या मनात पाल चुकचुकली. मग मी पाळतच ठेवली. चहा ओतताना तो कपात बोट का धरतो? अक्षर एवढं मोठं का होत चाललंय?

तेवढ्यात त्याची मुलगी आली. ती शहरात पुस्तकांची छपाईआधीची मुद्रितं तपासते. बापाच्या नव्या पुस्तकाचीच घेऊन आली होती.

"बाबा, एकदा नजर टाका."

"तूच वाच. माझा चष्मा सापडत नाहीये."

चष्मा नाकावर होता.

तिने मला खुंटीवरून काढलं. टोपणांच्या कडेला कोळ्याने जाळं विणलं होतं, ते बोटाने पुसलं. मग चहाचा कप रोजच्यासारखा उजवीकडे न ठेवता डावीकडे ठेवला. बापाचा हात रिकाम्या टेबलावर चाचपडत राहिला. मला तिचा रागच आला, पण मलाही तेच पाहायचं होतं.

"कधीपासून, बाबा?"

त्याने हात मागे घेतला. "मागच्या बर्फापासून. डॉक्टर म्हणाला, नजर परत यायची नाही."

"मग हे पुस्तक?"

"पक्षी खरे आहेत, कानांनी ऐकलेत. वारा खरा, बर्फ तडकतो तेही खरं."

"आणि अस्वल?"

त्याने माझा पट्टा बोटाला गुंडाळायला सुरुवात केली. "चिखलात पाऊल लागलं होतं हाताला. मोठं. शेजारी छोटी असावीत."

"लागली का हाताला?"

"नाही."

"तेच प्रकरण सगळ्यांत सुंदर झालंय, बाबा. प्रकाशक त्याच्यावरच खूश आहेत."

"म्हणून तर," तो म्हणाला. "काढून टाक." आणि थोड्या वेळाने, "पुस्तकाच्या सुरुवातीला एक ओळ घाल. मला आता दिसत नाही."

मुलीने ती ओळ लिहिली. खिडकीकडे तोंड करून लिहिली. बापाला तिचा चेहरा दिसणार नव्हता, तरी.

आता मी तिच्या गळ्यात असते. बाप तिचा कोपर धरून मागे चालतो; ती पाहते, सांगते आणि त्याच्यासाठी लिहून ठेवते. माझ्या एका भिंगाला आतून बुरशी धरलीय, पण काम भागतं. खोड मात्र जात नाही; आता मी तिच्यावर पाळत ठेवते. काल ओढ्याकाठी त्याने विचारलं, "काय दिसतंय?"

"दगड."

"आणि?"

"अजून दगड."

"अस्वल?"

त्याचा चेहरा असा काही झाला होता, की मीच म्हणाले असते, हो, आहे समोर. माझ्यावरची तिची बोटं घट्ट झाली.

"नाही, बाबा."

"मग तसंच लिही," तो म्हणाला, आणि दगडावर हात टेकून ऐकत बसला.

वाचकांनो, पुस्तक हातात आलं तर त्यात अस्वल शोधू नका. नाही ते. माझी साक्ष घ्या हवी तर.