जकात नाक्यावरची आई

एर्सिलिया बोनफान्तीच्या पात्राला पडद्यावर कधी नाव नसायचं. घरमालकीण, दाई, मासेवाली, रडणाऱ्या बायकांतली तिसरी. दुसरं महायुद्ध संपलं, रोममध्ये सिनेमाला ऊत आला आणि तिच्या जाड अंगाला काम मिळू लागलं. आवाज मात्र बसका, म्हणून तो मागाहून दुसरीच कुणी भरायची.

त्यामुळे दिग्दर्शक साव्हेल्लीने तिला स्वतःहून बोलावलं, तेव्हा तिचा कानांवर विश्वास बसेना.

"एक आई आहे," तो म्हणाला. "मुलाची शवपेटी गाडीतून गावी नेतेय. जकात नाक्यावरचे शिपाई म्हणतात, पेटी उघडा. ती उघडू देत नाही."

"बोलायचं काय, साहेब?"

"मनात येईल ते. मुलाचं नावही तूच ठेव."

पूर्ण कथा तिच्यासारख्यांना कुणी सांगत नसे. तिनेही विचारली नाही.

तिचा मुलगा ओरेस्ते, रोमच्या सॅन लोरेन्झो वस्तीवर बॉम्ब पडले त्या दिवशी, रेल्वेच्या मालधक्क्यावर कामाला होता. पेटीत ठेवण्यासारखं काही हाती लागलंच नव्हतं. आता समोर पेटी होती. तिने तिला मिठी मारली, लाकडावर गाल घासला, "ओरेस्ते, माझ्या राजा" म्हणत शिपायांच्या अंगावर धावून गेली. चित्रीकरण थांबलं तरी ती थांबेना. दिवेवाल्यांनी टोप्या काढल्या. साव्हेल्लीने तिचा हात हातात घेतला. त्या संध्याकाळी कितीतरी वर्षांनी ती पोटभर जेवली.

सिनेमा लागला तेव्हा ती बहिणीला, झेलिंदाला, घेऊन गेली. पडद्यावर गावकऱ्यांनी जकात चुकवायला एक जिवंत डुक्कर दारू पाजून पेटीत कोंबलं. थिएटर खदखदलं. झेलिंदाही पोट धरून हसत होती. मग गाडीबरोबर एर्सिलिया आली, पेटीला बिलगली आणि परक्या गोड आवाजात तिने हंबरडा फोडला, "ओरेस्ते!"

पेटीतून डुक्कर गुरगुरलं.

लोक खुर्च्यांवरून पडायचे राहिले. झेलिंदाचं हसू तोंडातच गोठलं. "एर्सी, चल घरी," ती पुटपुटली. एर्सिलिया हलली नाही. तिने शेवटपर्यंत पाहिलं.

दुसऱ्या दिवशी ती साव्हेल्लीकडे गेली. तो जेवत होता.

"आधी सांगितलं असतं तर तू अभिनय केला असतास," तो म्हणाला.

"माझा मुलगा होता तो."

"ठाऊक आहे. म्हणून तर तुला घेतलं." त्याने तोंड पुसलं. "रडू नकोस, इथे कॅमेरा नाहीये. पुढच्या चित्रपटात पडद्यावरच्या पाटीत नाव लावतो तुझं. मोठ्या अक्षरांत."

त्याच्या थोबाडात मारायला म्हणून ती आली होती. करारावर सही करून परतली.

बाजारात पोरं तिला बघून गुरगुरायची. भाजीवाली विचारायची, "काय ग एर्सिलिया, ओरेस्ते बरा आहे ना? का सॉसेज झालं त्याचं?" ती हसून सोडून द्यायची. हसलं की माप झुकतं मिळायचं. झेलिंदाने तिच्याशी बोलणं टाकलं.

नव्या चित्रपटातही पेटी होती. या वेळी आत चोरट्या सिगारेटी. एर्सिलियाला सगळं माहीत होतं. ती पेटीवर कोसळली, छाती पिटली, ओरेस्तेला हाका मारल्या. पुन्हा मारल्या. कुणाच्या ओठांवर हसू आलं नाही, कुणी टोपीही काढली नाही.

"नाही जमत," साव्हेल्ली म्हणाला. "आत काय आहे ते तुझ्या तोंडावर दिसतंय. तू आता नटी झालीस, एर्सिलिया."

त्याने गर्दीच्या कामाला आलेल्या बायकांवरून नजर फिरवली आणि क्लेलिया नावाच्या धोबिणीला पुढे बोलावलं. तिचा मुलगा रशियात लढायला गेला होता, परत आला नव्हता. अजून तिचे कान दाराशी असायचे.

"हिला तयार कर," साव्हेल्ली एर्सिलियाच्या कानात म्हणाला. "तोंड बंद ठेवलंस तर शेजारणीचं काम तुझं."

क्लेलिया काळी शाल अंगाभोवती गुंडाळू लागली. "बाई, मला यातलं काही येत नाही हो. पेटीत काय आहे म्हणून रडायचं मी?"

एर्सिलियाने तिची शाल नीट केली. गाठ मारली. तिच्या कपाळावरचे केस मागे सारले.

"तुझा मुलगा," ती म्हणाली. "रशियाहून आणलाय. नावाने हाक मार त्याला."